भूगोलाच्या तासाला 'नानूक' दाखवू का? डॉक्युमेंटरीतलं किती खरं धरायचं?

भूगोलवाल्या_बाई

नमस्कार मंडळी. मी सातारा जिल्ह्यातल्या एका शाळेत आठवी-नववीला भूगोल शिकवते. शाळेला नुकताच प्रोजेक्टर मिळालाय आणि टुंड्रा प्रदेश शिकवताना 'नानूक ऑफ द नॉर्थ'मधला थोडा भाग मुलांना दाखवायचं मनात आहे. रॉबर्ट फ्लॅहर्टीचा १९२२ चा मूकपट, कॅनडात हडसन उपसागराच्या किनाऱ्यावर राहणाऱ्या इनुइट लोकांवर (आपल्या जुन्या पुस्तकातले एस्किमो). घरी पूर्ण बघितला आणि मला फारच आवडला. इग्लू बांधतो तो भाग तर मी मागे नेऊन परत पाहिला. वॉलरसच्या सुळ्याची सुरी चाटतो म्हणजे तिच्यावर बर्फाचा थर धरतो, मग त्या सुरीने बर्फाचे ठोकळे कापतो, शेवटी पारदर्शक बर्फाची लादी खिडकीला काचेसारखी बसवतो आणि उजेड आत वळावा म्हणून तिच्या शेजारी बर्फाचा एक ठोकळा उभा करतो. फळ्यावर हे कसं शिकवणार सांगा.

पण झालं असं की नमुना म्हणून एका वर्गाला छोटी क्लिप दाखवली, त्यात तो ग्रामोफोनचा सीन होता. गोरा व्यापारी रेकॉर्ड लावून दाखवतो, नानूक आधी ग्रामोफोनकडे टक लावून बघतो, हसतो आणि मग ती रेकॉर्डच चावून बघतो. मुलं खो-खो हसली. एक जण म्हणाला "येडाय का तो", दुसऱ्याने विचारलं "बाई ते लोक अजून असेच राहतात का, त्यांना काहीच कळत नाही का". मला ते लागलं. आमचे इतिहासाचे सर म्हणतात तो सगळा पिक्चरच बनवाबनवी आहे, दाखवूच नका. ३५ मिनिटांची तासिका असते. दाखवू का नको, आणि दाखवला तर आधी काय सांगू? जाणकारांनी कृपया लिहावं.

रीळ_आणि_पडदा

बाई, दाखवा असंच म्हणेन, पण आधी हे माहीत असू द्या.

त्या माणसाचं नाव नानूक नव्हतं, अल्लाकारिअल्लाक होतं. बायका म्हणून दाखवलेल्या बाया त्याच्या बायका नव्हत्या, फ्लॅहर्टीने निवडून आणलेल्या होत्या. शूटिंग १९२०-२१ मध्ये हडसन उपसागराकाठच्या इनुकजुआक या वस्तीच्या आसपास झालं, पैसे रेव्हियों फ्रेर नावाच्या फरच्या व्यापारी कंपनीने घातले आणि पिक्चरमध्ये दिसतं ते व्यापाराचं ठाणं त्यांचंच. आता विचार करा, त्या भागातले लोक कित्येक वर्षं अशा ठाण्यांवर कोल्ह्याची कातडी देऊन चहा, पीठ, काडतुसं घेत होते. शिकारीला बंदुका वापरत होते. भाल्याने शिकार करा असं फ्लॅहर्टीने सांगितलं कारण त्याला बाहेरचं काही लागण्याआधीचं आयुष्य दाखवायचं होतं. रेकॉर्ड चावणं हा अभिनय आहे. तुमच्या वर्गातल्या मुलाने ज्याला येडा म्हटलं तो माणूस कॅमेऱ्यासमोर काम करत होता आणि इतकं छान करत होता की शंभर वर्षांनी साताऱ्यातल्या मुलांनाही ते खरं वाटलं.

तो इग्लूपण. खऱ्या इग्लूत कॅमेरा मावेना आणि आत उजेड नाही, म्हणून मोठ्ठा बांधायला लावला, तो बांधताना घुमट कोसळायचा, शेवटी आतला सीन घ्यायला एक बाजू मोकळी ठेवली. म्हणजे अंगावरचे कपडे काढून फरमध्ये शिरणारं ते कुटुंब जवळजवळ उघड्यावर झोपतंय, त्या थंडीत. आणि बर्फातल्या भोकातून सील ओढतो, घसरतो पडतो तो सीन आठवतोय ना? सील आधीच मेलेला होता, दोरीच्या दुसऱ्या टोकाला फ्रेमच्या बाहेर माणसं उभी होती आणि तीच दोरी ओढत होती.

नंतर सगळीकडे सांगितलं गेलं की तो शिकारीला गेला आणि उपाशी मेला. बहुधा तसं झालं नाही, तो क्षयाने गेला असं मानतात. मला सगळ्यात जास्त त्रास याच गोष्टीचा होतो कारण उपासमारीने मेला म्हटलं की माणूस विरुद्ध निसर्ग ही पिक्चरची गोष्ट छान पूर्ण होते, आणि क्षय म्हटलं की बाहेरून आलेले लोक, व्यापार, रोगराई असं सगळं गोष्टीत घ्यावं लागतं जे पिक्चरने मुद्दाम फ्रेमबाहेर ठेवलंय.

आणि ही त्याची पद्धतच होती. पुढे १९३४ ला आयर्लंडजवळच्या अॅरन बेटांवर पिक्चर केला, तिथल्या लोकांनी ज्या मोठ्या शार्क माशाची शिकार करणं कधीच सोडून दिलं होतं ती त्यांना नव्याने शिकवून शूट केली, कुटुंबही असंच जुळवलेलं.

नेत्रा_ज

वरच्या प्रतिसादातली माहिती बरोबर आहे पण त्यातून 'सगळं खोटं' असा निष्कर्ष निघत नाही असं मला ठामपणे वाटतं, आणि तसं मुलांना सांगितलं तर इनुइट लोकांवर परत एकदा अन्याय होईल.

कारण हा पिक्चर त्यांनीही बनवलाय. फ्लॅहर्टीने तिथेच झोपडीत लॅब लावली होती. फिल्म धुवायला पाणी लागायचं, ते जाडजूड बर्फाला भोक पाडून पिंपांनी आणायचं आणि त्यात कपड्यांचे केस पडलेले असायचे ते गाळून काढायचे, ही सगळी कामं इनुइट माणसांनी केली. कॅमेरा बिघडला तर त्याचे भाग खोलून परत बसवणारेही तेच. धुतलेली फिल्म लगेच त्यांना पडद्यावर दाखवली जायची. वॉलरसच्या शिकारीचं फुटेज पहिल्यांदा बघताना लोक उठून ओरडायला लागले, धरा त्याला, सोडू नका. आणि ही शिकार करताना पिक्चर आधी, शिकार हातची गेली तरी चालेल, हे त्यांच्यात आधीच ठरलेलं होतं. आपल्या आज्या-पणज्यांची पद्धत आपण करून दाखवतोय हे त्यांना पक्कं माहीत होतं. ते फसले नाहीत. फसले ते न्यूयॉर्कच्या थिएटरातले लोक, कारण त्यांना कुणी सांगितलंच नाही.

त्यामुळे बाई, तुमच्या सरांना सांगा की बनवाबनवी बर्फावर झाली नाही, ती पाट्यांमध्ये झाली. मूकपटात मधे मधे ज्या वाक्यांच्या पाट्या येतात त्या नीट वाचा. तिथे हे लोक साधेभोळे, आनंदी, भुकेशी झगडणारे असं सतत सांगितलंय. चित्रं बघा आणि पाट्या झाका, वेगळाच माणूस दिसतो. सुरी चाटून धार लावणारा आणि उजेड वळवण्यासाठी ठोकळा लावणारा माणूस म्हणजे इंजिनिअर आहे हो. हे ज्ञान खरंच आहे, इग्लू अर्धा असला म्हणून ते खोटं होत नाही.

रीळ_आणि_पडदा

@नेत्रा पाट्यांचा मुद्दा एकदम मान्य. 'सगळं खोटं' मलाही म्हणायचं नव्हतं. तरी बंदूक लपवण्याचा निर्णय कुणाचा होता हा प्रश्न उरतोच, तो इनुइटांचा नव्हता.

ओटावाकर

धागा वाचून राहवलं नाही म्हणून लिहितोय, मोठं होणार आहे, सांभाळून घ्या. बरीच वर्षं कॅनडात आहे. इथे आल्यावर ज्या गोष्टीने हादरलो ती ही.

ज्या इनुकजुआकला हा पिक्चर झाला, तिथल्याच काही कुटुंबांना १९५३ साली सरकारने उचलून जवळजवळ २००० किलोमीटर उत्तरेला नेऊन सोडलं, रेझोल्यूट आणि ग्रीस फिओर्ड अशा दोन जागी. कारण दिलं की इथे शिकार कमी झालीय, लोक मदतीवर अवलंबून राहायला लागलेत, तिकडे जाऊन परत आपल्या जुन्या पद्धतीने शिकार करून जगतील. शीतयुद्धाचा काळ होता आणि तिथल्या उत्तरेकडच्या बेटांवर कॅनडाची माणसं असणं सोयीचं होतं हाही भाग होताच. आवडलं नाही तर दोन वर्षांत परत आणू असं सांगितलेलं, ते पाळलं नाही.

आता नकाशा काढून बघा बाई, तुमच्या मुलांना हे भूगोल म्हणूनही कळेल. इनुकजुआक आर्क्टिक वृत्ताच्या कितीतरी दक्षिणेला आहे. तिथे पक्षी, बेरी, झुडपं, रोज उगवणारा सूर्य. ग्रीस फिओर्डला हिवाळ्यात तीनेक महिने सूर्यच उगवत नाही. प्राणी वेगळे, बर्फ वेगळा, गोडं पाणी मिळवायची पद्धत वेगळी. हे म्हणजे कोकणातला मच्छीमार उचलून लडाखला ठेवायचा आणि म्हणायचं आहेस ना भारतीय, मग जग. पण ऑफिसात बसलेल्या लोकांच्या डोक्यात चित्र एकच, बर्फ तिथे एस्किमो. एका पिक्चरमुळे हे झालं असं मी म्हणत नाही, कागदोपत्री तसं कुठे लिहिलेलंही नसणार. पण दक्षिणेकडच्या शहरातल्या माणसाने इनुइट माणूस बघितला होता तो बहुतेक असाच, पडद्यावर, भाला घेतलेला आणि हसतमुख. त्याला गरजा नाहीत, त्याला जागा कुठलीही चालते.

आणि याहून वाईट ऐका. शूटिंगच्या काळात फ्लॅहर्टीचे पिक्चरमध्ये काम करणाऱ्या एका इनुइट बाईशी संबंध होते. तो गेल्यावर तिला मुलगा झाला, जोसेफी. बापाने त्याला कधी बघितलंही नाही. १९५५ साली ज्यांना ग्रीस फिओर्डला पाठवलं त्यात हा जोसेफी फ्लॅहर्टी होता, बायकापोरांसकट. त्याची मुलगी मार्था तेव्हा लहान होती, पुढे ती इनुइट महिलांच्या राष्ट्रीय संघटनेची अध्यक्ष झाली आणि नव्वदच्या दशकात चौकशी आयोगासमोर तिने हे सगळं सांगितलं. सरकारने भरपाईचा निधी १९९६ ला दिला, माफी मागितली २०१० ला.

दुसरी गोष्ट सीलची. कॅनडाच्या पूर्व किनाऱ्याला, न्यूफाउंडलंडच्या बाजूला सीलची पांढरीशुभ्र पिल्लं दांडक्याने मारायचे त्याचं फुटेज साठ-सत्तरच्या दशकात जगभर फिरलं. बघवत नाही हे खरंच आहे, मी पण नाही बघू शकलो. लोक खवळले आणि १९८३ ला युरोपने पिल्लांच्या कातड्यावर बंदी घातली. इनुइट लोक ती पिल्लं मारतच नाहीत. ते वेगळ्या जातीचे मोठे सील मारतात, मांस खातात, कातडं विकून पेट्रोल आणि काडतुसं घेतात कारण उत्तरेत दुकानातलं सगळं प्रचंड महाग. पण फुटेज बघितलेल्या माणसाला सील म्हणजे ते पिल्लू आणि रक्त, तो कातडं कुठलंच घेईना. बाजारच कोसळला. बंदीमध्ये इनुइटांना सूट होती, पण गिऱ्हाईकच उरलं नाही तर त्या सुटीचं करायचं काय. गावंच्या गावं कंगाल झाली. ज्यांनी ते शूट केलं त्यांचा हेतू चांगला होता, पिल्लं मारली जात होती हेही खरंच होतं. तरीही असं झालं. म्हणून मला वाटतं खरं की खोटं एवढंच विचारून भागत नाही. ज्यांच्याबद्दल दाखवलंय त्यांना त्याचं पुढे काय भोगावं लागलं हेही विचारायला पाहिजे.

भटक्या_माणूस

ओटावाकर, आभार. जोसेफीचं वाचून सुन्न झालो.

थोडं अवांतर वाटेल पण आहे याच विषयाचं. आपली मराठी माणसं सावरकरांमुळे अंदमानला भरपूर जातात, मीही ग्रुपबरोबर गेलो होतो. बाराटांगच्या चुनखडीच्या गुहा बघायला जाताना जिरकाटांगला पहाटे गाड्यांची रांग लागते, तिथून पोलिसांबरोबर ताफा निघतो आणि रस्ता जारवा आदिवासींच्या राखीव जंगलातून जातो. थांबायचं नाही, काच खाली करायची नाही, फोटो काढायचा नाही, तो गुन्हा आहे, असं सगळं स्पष्ट सांगितलं होतं. रस्त्याच्या कडेला काही मुलं आणि दोन बाया उभ्या दिसल्या तसे आमच्या बसमध्ये मोबाईल वर आले. ज्यांच्याबरोबर आदल्या रात्री सेल्युलर जेलमध्ये लाइट अँड साउंड शो बघून डोळे पुसले होते तीच माणसं. मागून कुणीतरी ओरडलं "अरे हात करा त्यांना, बघतील इकडे". संध्याकाळपर्यंत ती काही सेकंदांची क्लिप चार ग्रुपांवर फिरली होती, वर लिहिलेलं 'आदिमानव'.

२०१२ च्या जानेवारीत एका ब्रिटिश वर्तमानपत्राने व्हिडिओ बाहेर काढला होता, खायला देऊन जारवा बायकांना पर्यटकांपुढे नाचवतायत. जगभर बोंबाबोंब झाली, पुढच्या वर्षी सुप्रीम कोर्टाने पर्यटकांची वाहतूक काही आठवडे थांबवलीही. पण मुळात हा रस्ता जंगलातून काढला तो त्यांना न विचारता, २००२ लाच कोर्टाने राखीव भागातला रस्ता बंद करा म्हणून सांगितलं होतं, ते झालंच नाही, आणि जारवा लोक जंगलाबाहेर येऊन आपणहून भेटायला लागले तेच मुळात १९९७-९८ च्या सुमारास. त्या क्लिपमध्ये यातलं काय दिसतं? रस्ता आपला, बस आपली, मोबाईल आपला, आणि नाव ठेवायचं त्यांना.

बाई, मुलांना नानूक दाखवताना हेही सांगा. फ्लॅहर्टी निदान वर्षभर त्यांच्यात राहिला होता.

अपर्णा_डोंबिवली

+१ भटक्या. आम्ही गेलो तेव्हा माझ्या जाऊबाईंनी शेजारच्या काकांना स्पष्ट सांगितलं मोबाईल खाली ठेवा म्हणून, तर पूर्ण प्रवासात ते बोलले नाहीत आमच्याशी.

एक मुद्दा राहिलाय. आपल्यावर कॅमेरा आला तेव्हा आपण काय केलं? लुई माल या फ्रेंच दिग्दर्शकाने १९६८ ला भारतात फिरून सात भागांची मालिका केली, बीबीसीने १९७० ला दाखवली तशी इथे प्रचंड नाराजी. गरिबीच दाखवली, कारखाने-धरणं दाखवली नाहीत. सरकारने बीबीसीचं दिल्लीतलं ऑफिस बंद करायला लावलं, दोनेक वर्षं बंद होतं. मी ती मालिका पाहिलीय. गिधाडं मेलेलं जनावर खातायत हे बराच वेळ दाखवलंय, नको वाटतं. पण त्याच माणसाने एक गोष्ट केलीय जी मला फार महत्त्वाची वाटते. लोक कॅमेऱ्याकडे वळून रोखून बघतात ते शॉट त्याने कापले नाहीत. बाया, म्हातारे, पोरं थेट बघतायत, कोण हा, काय करतोय इथे. आणि तो स्वतः बोलतो की आम्ही इथे उपरे आहोत, आम्हाला कळत नाहीये. ते डोळे बघितले की बघणाऱ्याला आपण कुठे उभे आहोत ते कळतं. नानूकमध्ये बहुतेक प्रसंगांत कॅमेरा आहे हे कुणालाच माहीत नाही असं भासवलंय, बहुतेक डॉक्युमेंटऱ्या आजही तेच करतात.

भूगोलवाल्या_बाई

सगळ्यांचे मनापासून आभार, एवढं मिळेल असं वाटलं नव्हतं. ओटावाकर, नकाशाची कल्पना घेतेय, इनुकजुआक आणि ग्रीस फिओर्डचे अक्षांश काढायला लावते आणि मग हिवाळ्यात दिवस किती तासांचा ते मुलांनीच सांगायचं.

एक विचारायचंय. इनुइट लोकांनी स्वतः बनवलेलं काही आहे का? म्हणजे मुलांच्या "अजून असेच राहतात का" ला उत्तर माझ्या तोंडून न जाता त्यांच्याकडूनच गेलं तर बरं.

ओटावाकर

आहे तर. इग्लूलिक नावाचं गाव आहे, त्यांचा किस्सा मुलांना नक्की सांगा. सत्तरच्या दशकात सरकार उपग्रहावरून टीव्ही द्यायला निघालं तर गावाने मतदान घेऊन नको म्हणून सांगितलं, कारण त्यांच्या भाषेत, इनुक्टिटुटमध्ये, एकही कार्यक्रम नव्हता. एकदा नाही, १९७५ ला आणि परत १९७९ ला. पुढे इनुइटांचं स्वतःचं प्रसारण सुरू झालं तेव्हा कुठे हो म्हणाले. त्याच गावातला झकारियास कुनुक दगडावर कोरीवकाम करायचा, १९८१ ला मॉन्ट्रियलला जाऊन त्या मूर्ती विकल्या आणि त्या पैशातून व्हिडिओ कॅमेरा घेऊन आला. नंतर त्याने आणि मित्रांनी मिळून स्वतःची कंपनी काढली आणि २००१ ला 'अतनारजुआट' केला, पूर्ण इनुक्टिटुटमध्ये, कान महोत्सवात पहिल्या चित्रपटासाठीचा पुरस्कार मिळाला. तो मोठ्यांसाठी आहे, हिंसा वगैरे आहे, आठवीला नको. पण त्यांचे छोटे व्हिडिओ नेटवर सापडतात, त्यातले शिकारीचे बघा, स्नोमोबाईल, बंदूक, थर्मासमधला चहा, सगळं आहे, आणि बर्फाची पारख तीच जुनी.

सीलच्या प्रकरणावर एका इनुइट बाईने २०१६ ला डॉक्युमेंटरी केलीय, 'अँग्री इनुक'. ती नववीला चालेल, आधी तुम्ही बघून घ्या.

नेत्रा_ज

बाई, ३५ मिनिटांचं असं करा. आधी इग्लूचा भाग लावा, पाट्या आल्या की प्रोजेक्टरसमोर पुठ्ठा धरा आणि मुलांनाच विचारा तो काय करतोय, का करतोय. मग आत झोपायचा सीन आला की थांबवा आणि विचारा, खिडकी एवढीशी, मग आत एवढा उजेड आला कुठून? मला खात्री आहे कुणीतरी सांगेलच. तिथून बाकीचं सगळं बोलता येईल. ग्रामोफोन सगळ्यात शेवटी, आणि अल्लाकारिअल्लाक हे नाव फळ्यावर लिहून झाल्यावर.

भूगोलवाल्या_बाई

पुठ्ठा छान आहे 🙏 शनिवारी सकाळची शाळा असते, त्या दिवशी सरांकडून एक तास मागून घेते म्हणजे दोन तासिका सलग मिळतील. इतिहासाच्या सरांनाही बसवते वर्गात. मुलं काय म्हणाली ते इथे लिहीनच.